साखळी आणि कुलूप

मध्ययुगीन धर्तीचे ग्रंथालय चित्रपटात दिसले की पुढे काय होणार, हे आम्हांला बहुधा अगोदरच कळते. रात्र असते. दगडी कमानी असतात, छतापर्यंत चढत गेलेल्या फळ्या असतात आणि हातात मेणबत्ती किंवा कंदील घेतलेला एकटा माणूस असतो. हजारो पुस्तकांतले एकच पुस्तक त्याला हवे असते, आणि नेमके तेच त्याने पाहू नये अशी कुणाची तरी इच्छा असते. पुस्तक सापडते, दोन ओळी वाचून होतात न होतात तोच कुठेतरी पाऊल वाजते आणि दिवा विझवावा लागतो. ज्या वस्तूंच्या सान्निध्यात आपण आयुष्य काढले, त्यांच्यासाठी कुणी जिवावर उदार झालेले पाहणे साहित्याच्या अध्यापकाला न आवडले तरच नवल. आम्हांलाही ते आवडते, आणि असे चित्रपट आम्ही एकदा पाहून थांबलेलो नाही.

मात्र पुन्हा पुन्हा पाहताना एक गोष्ट आम्हांला खटकू लागली. ती म्हणजे पुस्तकाला बांधलेली साखळी. चित्रपट तिचा जो अर्थ लावतात, तो ती वापरणाऱ्यांच्या मनात जवळपास नव्हताच. साखळी आणि कुलूप या दोन निराळ्या गोष्टी आहेत, आणि पडद्यावर त्यांची गल्लत होते. ही गल्लत केवळ इतिहासाच्या तपशिलाची असती तर आम्ही लेखणी उचलली नसती. ग्रंथालय कशासाठी असते, या प्रश्नाच्या उत्तरातच ती ढवळाढवळ करते असे आम्हांला वाटते.

सर्वांच्या पाहण्यातले उदाहरण प्रथम घेऊ. २००१ साली आलेल्या पहिल्या हॅरी पॉटर चित्रपटात शाळेच्या ग्रंथालयाचा एक निषिद्ध विभाग आहे. हॅरी अदृश्य करणारा झगा पांघरून रात्री तिथे शिरतो. झग्याबाहेर आलेल्या हातात कंदील असतो. तो एक पुस्तक उघडतो, तर पानातून चेहरा वर येऊन किंचाळू लागतो. कंदील पडून फुटतो. या विभागातली पुस्तके साखळ्यांनी जखडलेली आहेत. मुलांच्या मनात जो अर्थ ठसायचा तो ठसतो: साखळी म्हणजे मनाई. आतले पुस्तक वाघासारखे आहे, म्हणून त्याला बांधून ठेवले आहे.

हे दृश्य ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयातील ड्यूक हम्फ्री या दालनात चित्रित झाले. ते दालन पंधराव्या शतकाच्या अखेरीस वाचकांसाठी उघडले. सोळाव्या शतकाच्या मध्यात धर्मसुधारणेच्या वादळात तिथली पुस्तके काढून टाकली गेली, बाकेसुद्धा विकली गेली, आणि सर टॉमस बॉडलीने स्वतःचे द्रव्य ओतून १६०२ साली ते पुन्हा सुरू केले. या ग्रंथालयात प्रवेश घेणाऱ्याला एक शपथ घ्यावी लागते. तिच्यात एक कलम असे आहे की, आपण आत अग्नी किंवा ज्योत आणणार नाही आणि पेटवणार नाही. हॅरी कंदील घेऊन शिरतो तो नेमका याच छताखाली.

आता साखळीविषयी. इंग्लंडमधील हेरफर्डच्या कॅथीड्रलमध्ये साखळीबद्ध ग्रंथालय आजही शाबूत आहे. तिथल्या कपाटांचा काळ १६११चा असला तरी पद्धत मध्ययुगातलीच आहे. साखळीचे एक टोक पुस्तकाच्या वरच्या पुठ्ठ्याच्या कडेला अडकवलेले असते, दुसरे फळीच्या पुढ्यातल्या लोखंडी गजात ओवलेले असते. समोर तिरका मेज आणि बाक. पुस्तक फळीवरून काढून मेजावर ठेवून निवांत वाचता येईल इतकी लांबी साखळीला दिलेली असते. घरी नेता येईल इतकी मात्र नसते. साखळ्यांचा गुंता होऊ नये म्हणून पुस्तके उलटी ठेवतात, म्हणजे कणा आत आणि पानांची कडा बाहेर. सोनेरी नावांचे कणे मिरवणाऱ्या रांगा चित्रपटात मध्ययुग म्हणून दिसतात. त्या पुष्कळ नंतरच्या काळातल्या आहेत.

पुस्तक बांधण्याची गरज का पडली, हे त्याची किंमत लक्षात घेतली की कळते. चर्मपत्राचे पुस्तक म्हणजे जनावरांची कातडी. एखाद्या थोरल्या बायबलासाठी शेकडो जनावरे लागत. त्यावर लेखनिकाचे कित्येक महिने, कधी वर्षे. अशी वस्तू एखाद्याने घरी नेली की बाकीच्यांना ती मिळण्याची आशा संपली. पॅरिसच्या सॉर्बोनमध्ये यावर जी व्यवस्था केली होती ती फार शहाणपणाची आहे. तिथे पुस्तकांचे दोन संग्रह होते. लहान संग्रहातील पुस्तके सदस्यांना उसनी नेता येत. मोठ्या संग्रहातील पुस्तके साखळीने बांधलेली असत आणि ती तिथेच बसून वाचायची असत. १३२१ सालच्या एका नियमाने असे ठरवले की, प्रत्येक विषयातली उत्तम प्रत साखळीत ठेवावी, म्हणजे ती सर्वांना पाहता येईल. चित्रपटातल्या साखळीशी हे ताडून पाहावे. सॉर्बोनच्या विद्वानांनी जे पुस्तक बांधले, ते वाचले जावे म्हणून बांधले. एकाने ते लंपास करून बाकीच्यांना वंचित करू नये, एवढाच त्या लोखंडाचा हेतू.

हे प्रथम वाचले तेव्हा आम्हांला आमचे विद्यार्थिदशेतले ग्रंथालय आठवले. तालुक्याच्या गावातले महाविद्यालय, वर पत्र्याचे छप्पर. ग्रंथालयात एका भिंतीशी संदर्भग्रंथांचे मेज होते. त्यावर कोश, व्याकरणे, वाङ्मयेतिहासाचे खंड. प्रत्येकावर शिक्का असे, की हे पुस्तक बाहेर दिले जाणार नाही. पाने हाताळून मऊ झालेली, कोपरे दुमडलेले. समोरच्या भिंतीशी काचेची कपाटे होती आणि त्यांना पितळी कुलपे. आत नवीकोरी, किमती, कधीकधी देणगीदाखल आलेली पुस्तके. नावे काचेतून वाचता येत. मागणीचिठ्ठी भरून दिली की किल्ली सापडत नसे, किंवा किल्ली असलेले गृहस्थ रजेवर असत. तीन वर्षांत ती कपाटे आम्ही दोनदा उघडलेली पाहिली, आणि दोन्ही वेळा तपासणी समिती यायची होती. संदर्भाच्या मेजावरची पुस्तके हीच आमची साखळीतली पुस्तके होती, आणि आमचे सारे शिक्षण त्यांच्यावर झाले. काचेमागची पुस्तके सुरक्षित राहिली. ती कुणी वाचल्याचे आमच्या ऐकिवात नाही.

चित्रपट आणि इतिहास यांच्यातला दुसरा फरक उजेडाचा आहे. खऱ्या मध्ययुगीन ग्रंथालयाचा प्राण खिडकीत असे. ऑक्सफर्डच्या मर्टन महाविद्यालयाचे ग्रंथालय चौदाव्या शतकाच्या उत्तरार्धात बांधले गेले. तिथे ओळीने अरुंद खिडक्या आहेत, आणि दोन कपाटांमधल्या वाचकाच्या जागेला तिची तिची खिडकी मिळावी अशी रचना आहे. आगीच्या भयाने दिवा वर्ज्य, म्हणून वाचन दिवसाउजेडी. सूर्य मावळला की ग्रंथालय मिटले. चित्रपटाला मात्र तिथे रात्रच हवी असते. हॅरी पॉटरनंतर महिन्याभरातच आलेल्या लॉर्ड ऑफ द रिंग्जच्या पहिल्या भागात गँडाल्फ मिनास तिरिथच्या दप्तरखान्यात इसिल्डुरचा लेख शोधतो. भोवती कागदांचे ढीग, त्यांच्यात पेटत्या मेणबत्त्या, हाताशी पेयाचा चषक. कुठल्याही ग्रंथपालाच्या अंगावर काटा यावा असे ते दृश्य आहे, आणि तरी ते मनात घर करून राहते. कारण उघड आहे. ज्योतीच्या उजेडात एकच पान दिसते, बाकी सारे काळोखात जाते. कॅमेऱ्याला वाचन दाखवता येत नाही. शोध दाखवता येतो. म्हणून तो ग्रंथालयाला गुहा करतो आणि पुस्तकाला गुहेतले धन. दिवसाउजेडी शेजारीशेजारी बसून मुकाट वाचणारी दहा माणसे, हे ग्रंथालयाचे खरे दृश्य. पडद्यावर ते फार वेळ टिकायचे नाही.

या चित्रपटांत एक असा आहे की जो साखळी-कुलपाचा प्रश्नच आपला विषय करतो. उम्बेर्तो एकोच्या १९८०च्या कादंबरीवरून झां-झाक आनो याने १९८६ साली काढलेला ‘द नेम ऑफ द रोझ’. काळ १३२७. सॉर्बोनचा तो नियम झाला त्याला अवघी सहा वर्षे लोटलेली. उत्तर इटलीच्या डोंगरातल्या एका मठात भिक्षू एकामागून एक मरत आहेत. तपासासाठी बास्करव्हिलचा विल्यम हा फ्रान्सिस्कन भिक्षू आणि त्याचा तरुण शिष्य आद्सो येतात. विल्यमची भूमिका शॉन कॉनरीने केली आहे. चित्रपटातले मठाच्या आतले बरेचसे भाग जर्मनीतल्या एबरबाख येथील खऱ्या मठात चित्रित झाले. तिथल्या लेखनशाळेत भिक्षू उजेडाकडे तोंड करून नकला करीत बसलेले दिसतात. इथवर सारे इतिहासाला धरून आहे. वरचे ग्रंथालय मात्र कुलूपबंद आहे. ग्रंथपाल आणि त्याचा मदतनीस यांच्यावाचून कुणाला तिथे पाऊल ठेवता येत नाही.

कादंबरीतले ग्रंथालय हा एकाच मजल्यावर पसरलेला खोल्यांचा चक्रव्यूह आहे. चित्रपटाचे कलादिग्दर्शक दान्ते फेरेत्ती यांनी तो उभा केला. मनोऱ्याच्या पोटात एकमेकांना छेदणारे जिने, खोल्यांवर खोल्या, कुठूनही कुठेही न पोहोचणाऱ्या वाटा. पाहताना अठराव्या शतकातल्या पिरानेझीच्या चित्रमालिकेची आठवण होते. त्या चित्रांचा विषय आहे काल्पनिक तुरुंग! ग्रंथालय रचताना तुरुंगाचे चित्र डोळ्यांपुढे यावे, यात चित्रपटाची सारी भूमिका आली. आद्सो परतीची वाट सापडावी म्हणून अंगावरच्या लोकरीचा धागा उसवत जातो. विल्यम मात्र हरवल्याचे भय विसरून लहान मुलासारखा हरखतो. खोलीमागून खोली, पुस्तकामागून पुस्तक. आणि त्या आनंदातच त्याला संताप येतो की, ही पुस्तके लोकांना मोकळेपणाने पाहू का देत नाहीत? ती जीर्ण आहेत म्हणून नव्हे, त्यांच्यात आपल्याहून वेगळे शहाणपण असते म्हणून, असे उत्तर तोच देतो.

लपवलेले पुस्तक म्हणजे ॲरिस्टॉटलच्या काव्यशास्त्राचा दुसरा भाग. आपल्यापैकी बहुतेकांनी ॲरिस्टॉटल विंदा करंदीकरांच्या मराठी अनुवादातून वाचलेला असतो. शोकात्मिकेची मीमांसा त्यात आहे. सुखात्मिकेविषयी पुढे सांगू असे ॲरिस्टॉटल म्हणतो, आणि ते पुढचे आपल्याला कधीच मिळत नाही. एकोने या पोकळीत आपली कादंबरी मांडली. आंधळा वृद्ध भिक्षू होर्हे याला वाटते की, हसण्याने भय मरते आणि भय नसेल तर श्रद्धा उरत नाही. ॲरिस्टॉटलसारख्या अधिकारी माणसाने हसण्याला प्रतिष्ठा दिली तर जग बिघडेल. म्हणून त्याने पानांच्या कोपऱ्यांना विष लावले आहे. बोट जिभेला लावून पान उलटणारा वाचक मरतो. वाचनाच्या साध्या सवयीलाच त्याने हत्यार केले आहे. होर्हे हे नाव आणि त्याचे आंधळेपण, दोन्ही होर्हे लुईस बोर्हेसकडे निर्देश करतात. बोर्हेस १९५५ ते १९७३ या काळात अर्जेंटिनाच्या राष्ट्रीय ग्रंथालयाचे संचालक होते, आणि त्या पदावर आले तेव्हा त्यांची दृष्टी जवळपास गेलेली होती. ज्याने ग्रंथालयाचे स्वर्गासारखे वेड जोपासले, त्याचे नाव एकोने ग्रंथालयाच्या जेलरला द्यावे, हा खोडकरपणा अभ्यासकांना अजून गुंगवतो.

हा चित्रपट आम्ही काही वर्षे पदव्युत्तर वर्गाला दाखवीत असू. चर्चेत भय, धर्मसत्ता, हास्य हे सारे मुद्दे ठरल्याप्रमाणे येत. एका वर्षी मागच्या बाकावरच्या, एरवी गप्प असणाऱ्या विद्यार्थिनीने विचारले, “होर्हेला ते पुस्तक इतके नकोसे होते, तर त्याने ते आधीच जाळले का नाही?” वर्ग थोडा हसला. पण प्रश्न नेमका होता. होर्हे पुस्तकाचा शत्रू आहे आणि रखवालदारही आहे. अनेक वर्षे त्याने ते उंदीर, वाळवी, ओल यांच्यापासून राखले आहे. त्याच्यावाचून ते कदाचित केव्हाच नष्ट झाले असते. तो पुस्तकाचा नाश करीत नाही, वाचकाचा करतो. आणि अखेर उघडकीला आल्यावर विषारी पाने स्वतःच फाडून खातो, दिव्यापासून आग लागते, सगळे ग्रंथालय जळते. जगातली एकमेव प्रत जाते. ती एकमेव राहिली होती, कारण खालच्या मजल्यावर नकला करणारे कुशल हात बसलेले असताना वरच्या कुलपाने ते पुस्तक त्यांच्यापर्यंत जाऊ दिले नव्हते. त्या विद्यार्थिनीच्या प्रश्नाने आम्हांला हे दाखवले की, चित्रपटातला खरा अपराध विषाचा किंवा आगीचा नाही. दुसरी प्रत होऊ न देण्याचा आहे.

२००९ साली आलेला ‘द सीक्रेट ऑफ केल्स’ हा टॉम मूर आणि नोरा टूमी यांचा सजीवचित्रपट हाच प्रश्न लहानांना कळेल अशा रीतीने मांडतो. आयर्लंडमधल्या केल्सच्या मठाधिपतीला व्हायकिंग दर्यावर्दी हल्लेखोरांचे भय आहे. तो दिवसरात्र तट बांधवून घेतो आणि आपल्या पुतण्यालाही तटाबाहेर पाऊल टाकू देत नाही. आयोना बेटावरून जीव वाचवून आलेला वृद्ध एडन मात्र अपुरा राहिलेला ग्रंथ सोबत घेऊन आला आहे, आणि तो पुरा करायला त्याला मुलाचा तरुण हात हवा आहे. हल्ला होतो तेव्हा तट टिकत नाही. ग्रंथ टिकतो, कारण दोघे तो उचलून बाहेर पडतात आणि वणवण फिरत पुरा करतात. चित्रपटात हल्लेखोर रत्नजडित वेष्टन ओरबाडून घेतात आणि पाने फेकून देतात. यालाही इतिहासाचा आधार आहे. १००७ साली केल्समधला ग्रंथ चोरीला गेला आणि पुढे सोन्याचे वेष्टन काढून घेतलेल्या स्थितीत मातीखाली सापडला, अशी नोंद आयरिश वृत्तांतांत आहे. केल्सचा ग्रंथ आज डब्लिनच्या ट्रिनिटी महाविद्यालयात आहे, आणि त्याची पाने कुणालाही संगणकावर पाहता येतात.

युरोपातले हे ग्रंथालय चित्रपटसृष्टीला इतके प्रिय झाले आहे की ते युरोपाबाहेरही तसेच उचलून नेले जाते. २०१६च्या ‘डॉक्टर स्ट्रेंज’मध्ये नेपाळमधल्या कामार-ताज या गूढ विद्यापीठाचे ग्रंथालय आहे. तिथेही कातडी पुठ्ठ्यांचे, बांधून-जखडून ठेवलेले जाडजूड ग्रंथ. ग्रंथपाल वाँग नायकाला सांगतो की, इथे कुठलेही ज्ञान निषिद्ध नाही, निषिद्ध आहेत ते काही प्रयोग. वाक्य सुरेख आहे, विल्यमलाही पटले असते. पण नेपाळातल्या खऱ्या पोथीला कणा नसतो, साखळी अडकवायला पुठ्ठाही नसतो. ताडपत्रांना भोक पाडून दोरी ओवलेली, वरखाली लाकडी फळ्या, बाहेरून कापडाचे बासन. ‘ग्रंथ’ हा शब्दच गुंफणे, बांधणे या अर्थाच्या धातूवरून आला आहे. आपल्याकडे बांधले जाते ते पानाला पान. १९७० पासून तीन दशके नेपाळ-जर्मन प्रकल्पाने तिथल्या हस्तलिखितांचे सूक्ष्मपट घेतले. म्हणजे त्यांच्या दुसऱ्या प्रती तयार केल्या.

पोथीला साखळी नव्हती म्हणून कुलूपही नव्हते, असे मात्र नाही. मराठीच्या विद्यार्थ्याला त्याचे उदाहरण शोधायला दूर जावे लागत नाही. एकोच्या कादंबरीतला मठ ज्या शतकात आहे, त्याच चौदाव्या शतकात महानुभाव पंथाने आपले ग्रंथ सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत लिहायला सुरुवात केली. पोथी परक्याच्या हाती पडली तरी तिच्यातले त्याला कळू नये, हा हेतू. हे कुलूप कपाटाला नव्हते, अक्षरालाच होते. विसाव्या शतकाच्या आरंभी राजवाडे, भावे यांच्या पिढीच्या संशोधकांपुढे ते उघडले आणि मराठी गद्याचा आरंभकाळ एकाएकी आपल्या दृष्टीस पडला. लीळाचरित्र आज आपण अभ्यासक्रमात लावतो. शतकानुशतके पंथाबाहेरच्या मराठी माणसाला ते ठाऊकच नव्हते.

म्हणून कुलपाची बाजूही ऐकून घेतली पाहिजे. या गुप्ततेमुळेच जुन्या मराठीचे रूप पुष्कळसे टिकले, असे मानणारे अभ्यासक आहेत आणि त्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे. पण एक फरक विसरता कामा नये. महानुभावांनी ग्रंथ लपवला, तरी त्याच्या नकला होत राहिल्या. मठामठांतून पोथ्या उतरवल्या गेल्या, पाठभेद झाले, त्यांवर वाद झाले. होर्हेच्या ग्रंथालयात हेच घडू दिले गेले नाही. लिपीच्या कुलपाआड लिहिते हात चालू होते, म्हणून ते उघडले तेव्हा आत काहीतरी शिल्लक होते.

हे सारे आम्ही का लिहीत बसलो, तर आपण अध्यापक मंडळीही लहानमोठ्या किल्ल्या बाळगून असतो म्हणून. दुर्मीळ अंकाची छायाप्रत ‘नंतर देऊ’ म्हणून टाळणारे, स्वतःची टिपणे मरेपर्यंत जपणारे, विभागाच्या कपाटातले प्रबंध विद्यार्थ्याच्या हाती दिले तर फाटतील म्हणणारे आपल्यात आहेत. आज पुस्तकाला साखळी कुणी बांधत नाही, पण पैसे भरल्यावाचून न उघडणारी नियतकालिके आमच्या विद्यार्थ्यांना रोज काचेमागून दिसतात. अशा वेळी मध्ययुगाला अंधारयुग म्हणून हसण्याआधी १३२१ सालच्या सॉर्बोनकडे एकदा पाहावे. त्यांनी उत्तम प्रत निवडली, खिडकीशी मांडली आणि सर्वांसाठी बांधून ठेवली.

‘द नेम ऑफ द रोझ’मध्ये मठ जळत असताना विल्यम बाहेर येतो तो धुराने काळवंडलेला, छातीशी काही पुस्तके कवटाळून. ॲरिस्टॉटल त्यांत नाही. ती कुठली पुस्तके आहेत हे चित्रपट सांगत नाही. कुणीतरी त्यांच्या नकला केल्या असाव्यात, अशी आम्ही आपली आशा करतो.